मिनिटाला नव्वद

रात्री सवारी थांबली की ओतोन गावच्या स्टँडवरची तीनचाकीवाली पोरं पिद्योंगमामाभोवती गोळा होतात. मामा साठी उलटलेला. "भूतबीत काही म्हणायचं नाही मला," तो आधीच सांगून टाकतो. "माणूस माझ्याच गाडीत बसला होता. रोडेल माग्बानुआ."

गेल्या नोव्हेंबरची चौदा तारीख, शुक्रवार, रात्रीचे सव्वादहा. रोडेलला एका मयताच्या घरी जाऊन यायचं होतं. काम पाच मिनिटांचं.

रोडेल शहरातल्या एका इस्पितळात पेसमेकर तपासायचा. ज्याचं हृदय आपणहून नीट चालत नाही, त्याच्या अंगात काडेपेटीएवढं यंत्र बसवतात. ते ठरल्या वेळी झटका देतं, की ठोका पडतो. ठोक्यांच्या कागदी पट्टीवर त्या झटक्याची एक सरळ उभी रेघ येते. यंत्र नसलेल्या माणसाच्या पट्टीवर ती कधीच येत नाही. लियान नावाच्या सात वर्षांच्या पोरीचं यंत्र रोडेलनंच लावून दिलं होतं, मिनिटाला नव्वद ठोक्यांवर.

फक्त ते नवं नव्हतं. जाळायला नेलेल्या एका म्हाताऱ्याच्या छातीतून काढून, पुसून, नव्या डब्यात घालून त्यानं ते खपवलं होतं. ऑगस्टच्या तपासणीत बॅटरी संपत आलेली त्यानं डोळ्यांनी पाहिली. खरं लिहिलं तर चोरी उघडी पडणार. म्हणून त्यानं 'उत्तम, दहा वर्षं काळजी नको' असं लिहिलं, खाली सही ठोकली आणि पोरीच्या हातावर खाऊची गोळी ठेवली. नोव्हेंबरात पोर शाळेच्या रांगेत उभ्या उभ्या कोसळली.

याला कुणी आजार म्हणेल. मामा खून म्हणतो.

इस्पितळाच्या वहीतला यंत्राचा क्रमांक रोडेलनं बदलला होता. यंत्र रविवारी पोरीबरोबर पुरलं जाणार होतं. उरलं होतं ते तिच्या गळ्यातलं ओळखपत्र. त्यावर यंत्राचा खरा क्रमांक होता, आणि सोमवारी तिची आई ते घेऊन तक्रार करायला जाणार होती.

मयताघरी रात्रीचं जागरण नेहमीसारखं होतं. अंगणात पत्ते, बिस्किटं, कॉफी. आत काचेच्या झाकणाची पांढरी पेटी. ओळखपत्र शेजारच्या टेबलावर, मेणबत्तीपाशी. आणि काचेवर कोंबडीचं एक पिल्लू, तांदळाची कणी टिपत होतं.

टक्. टक्.

असं पिल्लू ज्याचा खून झालाय त्याच्याच पेटीवर ठेवतात. ते जितकं टोचेल तितकं मारणाऱ्याला टोचतं.

"लोला, हे कशाला?" त्यानं पोरीच्या आजीला विचारलं. "पोर आजारानं गेली ना?"

"आजारानं गेली असेल तर खाऊ दे की बिचाऱ्याला," लोला कोरिंग म्हणाली. "तुला कुठं टोचतंय?"

आजी कॉफी आणायला वळली. ओळखपत्र रोडेलच्या शर्टाच्या खिशात गेलं. डाव्या.

परतताना मामानं बेकरीपाशी गाडी हळू केली. "सर, घोटभर कॉफी घ्या. मयताकडून सरळ घरी जात नाही कुणी. मधे कुठंतरी थांबायचं, म्हणजे मागं आलेला तिथंच चुकतो."

"गाडी चालव. भुतं तुझ्यासारख्यांना भेटतात."

"मला कशाला भेटतील, सर? मी कुणाचं काय घेतलंय?"

खिशातलं ओळखपत्र त्याला आधी जाळायचं होतं. तो सरळ घरी गेला.

अकरा चाळीस. त्याची बायको, नेनेत, झोपली होती. त्यानं गॅस पेटवला. खिशात हात घातला.

टक्.

त्यानं मागं पाहिलं. खिडकी बंद. दाराला कडी.

टक्. टक्. टक्.

ओट्याखाली पाहिलं. कपाटामागं पाहिलं. "नेनेत, पिल्लू शिरलंय घरात."

"कसलं पिल्लू? मला काही ऐकू येत नाही."

"ऐक ना..."

ती ऐकत राहिली. काही नाही...

त्यानं घड्याळ पाहिलं. हात छातीवर ठेवला. मोजलं. पुन्हा मोजलं.

नव्वद.

आवाज घरातून येत नव्हता.

इस्पितळात न्यायला नेनेतनं मामाला फोन केला. गाडीत रोडेल तिच्या मांडीवर पडून सगळं ओकला... म्हातारा, डबा, बॅटरी, सही. "काढ," म्हणत होता, "काढ ते..." तिनं ओळखपत्र खिशातून काढलं. छातीतलं टोचणं थांबलं नाही.

इस्पितळात नर्सनं त्याच्या छातीला तारा लावल्या. पट्टी बाहेर येऊ लागली. नर्सनं ती पाहिली, मग त्याची छाती चाचपली.

"यांना पेसमेकर कधी बसवला?"

"नाही बसवला," नेनेत म्हणाली. "कधीच नाही."

छातीवर व्रण नव्हता. रोडेलनं मान वळवून पट्टी पाहिली. असल्या पट्ट्या त्यानं हजार वाचल्या होत्या.

"रेघा..." एवढंच म्हणाला.

एक वाजून दहा मिनिटांनी तो गेला.

मामा गोष्ट इथं थांबवतो. ओळखपत्र नेनेतनंच लियानच्या आईच्या हातात नेऊन दिलं आणि सोमवारी तक्रारीवर पहिली साक्षही तिनंच दिली, हे पोरांना ठाऊक असतं. एखादा तरी म्हणतोच, "मामा, घाबरून मेला असेल तो."

मामा वाद घालत नाही. गाडीच्या टपाखाली खोचलेली त्या रात्रीच्या पट्टीची घडी काढतो आणि टॉर्चच्या उजेडात उलगडतो. पट्टीवर ठोक्यांचे डोंगर सुरुवातीला उंच. मग बुटके. मग एक सपाट ओळ, कोपरापासून बोटांपर्यंत लांब.

आणि त्या सपाट ओळीवर, सारख्या अंतरानं, कागद संपेपर्यंत... उभ्या रेघा.