मूळस्थिती

‘अंगण’ बंद होतं तोवर अप्पांना काही होणार नव्हतं. उत्तरा सकाळपासून हे एकच वाक्य मनाशी घोळवत होती, आणि तरीही टेबलावरच्या त्या काळ्या डब्याकडे पाठ करून बसायची तिची हिंमत होत नव्हती. डब्याची वायर तिने भिंतीतून उपसून काढली होती. तेवढ्याने समाधान होईना म्हणून ती गुंडाळून कपाटात कुलूपबंद केली होती.

अप्पा म्हणजे तिचे वडील, ॲडव्होकेट भालचंद्र खोत. मिरजेच्या कोर्टात त्यांची उलटतपासणी ऐकायला इतर वकील आपली कामं सोडून येऊन बसत. ते वारून दोन वर्षं झाली होती, आणि उत्तरा रोज संध्याकाळी त्यांच्याबरोबर चहा पीत होती.

यात त्या काळी कुणाला काही नवल वाटत नसे. माणूस जायच्या आधी त्याच्या मेंदूतल्या साऱ्या जोडण्यांची हुबेहूब नक्कल उतरवून घ्यायची, तिला ‘ठसा’ म्हणत. ठसा घेणं शास्त्रज्ञांना लवकर जमलं. अडलं ते पुढेच. नुसतं मन डब्यात ठेवलं की ते वेडंपिसं होतं. त्याला हातपाय लागतात, पायाखाली जमीन लागते, खिडकीतून येणारं ऊन लागतं. असं आख्खं जग उभं करता करता मोठमोठ्या प्रयोगशाळा टेकीला आल्या. मग कुणाच्या तरी ध्यानात आलं की पोरांच्या कॉम्प्युटर गेममध्ये हे सगळं केव्हाचं तयार आहे. अशा रीतीने गेलेली माणसं खेळांत राहायला गेली. ‘अंगण’ हा मुळात घर बांधायचा, बाग लावायचा गेम. आता निम्म्या शहराचे आईवडील तिथे राहत होते, आपापल्या घरच्या डब्यात, एकेकटे.

डोक्याला पट्टा बांधला की आपल्यालाही आत जाता येई. निघताना ‘निरोप’ घ्यायचा. निरोप घेतला की त्या दिवसाची आठवण ठशात साठवली जाई, खेळ थांबे, आणि पुन्हा सुरू होईपर्यंत आतल्या माणसाच्या लेखी क्षणही जात नसे. बंद खेळात वाट पाहणं नाही, कंटाळा नाही, काहीच नाही.

घोळ झाला तो आदल्या संध्याकाळी, आणि उत्तराच्याच हातून. अप्पा एका जुन्या खटल्याची गोष्ट रंगवून सांगत होते आणि तिची वेळ संपत आली होती. सेटिंगच्या पाटीवर तिला ‘वेळ वाढवा’ असं दिसलं. परीक्षेत पोरं वेळ वाढवून मागतात, कोर्टात वकील मागतात. तिला वाटलं, चला, आणखी थोडं बसता येईल. तिने काटा पार शेवटपर्यंत सरकवला. अप्पांना विचारलं, त्यांनी हसून ‘हो’ म्हटलं. वेळ काही वाढली नाही. निरोप घेऊन ती बाहेर आली तर फोनवर कंपनीचा संदेश वाट पाहत होता, की नवी कालगती पुढच्या वेळी खेळ सुरू होताच लागू होईल.

‘कालगती’ म्हणजे बाहेरच्या एका क्षणात आत किती काळ जावा याचं प्रमाण. भाषांतर करणाऱ्या कुणा शहाण्याने त्यालाच ‘वेळ वाढवा’ करून ठेवलं होतं.

डॉ. रेहाना शिकलगार दुपारी आल्या. इस्पितळाच्या ठसाविभागात अप्पांचा ठसा त्यांनीच उतरवला होता. त्यांनी चपला काढल्या, पाणीही न घेता डब्यासमोर बसल्या आणि सगळं नीट ऐकून घेतलं.

“सुरू करून लगेच काटा मागे घेतला तर?” उत्तराने विचारलं.

“तिथंच तर मेख आहे, ताई. खेळ आधी घरातल्या माणसाला उठवतो, मग पाहुण्याला दार उघडतो. या मधल्या वेळात बाहेर तुमच्या चहाला उकळी फुटेल, बस. पण या गतीनं आत वर्षं जातील.”

“किती?”

डॉक्टरांनी आकडा सांगितला नाही. एकटा माणूस, एक घर, बाहेर न जाणारा रस्ता, मरण येत नाही आणि कुणी येत नाही. तुम्ही आत पोचाल तेव्हा तुम्हाला कुणीतरी भेटेल, पण ते अप्पा असतील असं मी म्हणणार नाही, एवढंच त्या बोलल्या.

म्हणजे खेळ सुरू न करताच सेटिंग बदलायला हवी होती. पण ठशाशी कुणी परस्पर छेडछाड करू नये म्हणून कायद्याने सेटिंगची फाइल मोहोरबंद केली होती. तिच्यात काही बदलायचं तर ते आत जाऊन, आतल्या माणसाच्या तोंडी संमतीनेच. बाहेरून ती वाचता येत नव्हती. एक मात्र करता येत होतं: ती आख्खी उडवता येत होती. गेम खेळणाऱ्या पोरांना ही युक्ती पूर्वीपासून ठाऊक होती. सुरू होताना खेळाला सेटिंगची फाइल सापडली नाही तर तो रडत बसत नाही, मूळच्या सेटिंगची नवी फाइल स्वतःच तयार करतो.

“मग उडवा की,” उत्तरा म्हणाली. तिच्या छातीवरचं ओझं निम्मं उतरलं होतं.

डॉक्टरांनी चष्मा काढून पदराला पुसला. मूळ म्हणजे काय ते आधी ऐका, असं म्हणून त्यांनी सांगितलं ते असं. साध्या गेमची मूळस्थिती कारखान्यात ठरते. ठशाची मूळस्थिती म्हणजे ठसा घेतला त्या घडीची स्थिती. अप्पांचा ठसा घेतला तेव्हा ते आजाराच्या शेवटच्या टोकाला होते. ती कळ ठशात जशीच्या तशी उतरली होती. तिच्यावर उपाय म्हणून ‘सौम्यता’ नावाची सेटिंग होती. ती कळ झाकते, आणि तिच्याबरोबर आपण मेलो आहोत ही जाणीवही झाकते. कारण जाणीव उघडी राहिली तर मेंदू तिच्यातून पुन्हा कळ तयार करतो, एक ठेवून दुसरी काढता येत नाही. इस्पितळात अप्पा ‘थांबवा हे’ म्हणाले होते, त्याच शब्दांना संमती धरून सौम्यता लावली गेली. फाइल उडवली की तीही उडणार.

“आठवणी राहतील. दोन वर्षांचे तुमचे चहासुद्धा राहतील. पण ते उठतील ते कळ घेऊन, आणि सगळं कळून. तुम्ही आत गेलात की सौम्यता पुन्हा लावायची, ते हो म्हणाले की झालं.”

“ते हो म्हणतीलच.”

डॉक्टरांनी चष्मा परत चढवला. “तिसरा रस्ता पण आहे. सुरूच न करणं. त्यांना काही कळणार नाही, ताई. त्रास झालाच तर तो तुम्हाला होईल.”

उत्तराला राग आला. संध्याकाळी पाचनंतर हे घर कसं खायला उठतं हे या बाईला काय ठाऊक, असं तिच्या मनात आलं. खरं तर डॉक्टरांचं बोलणं तिला नेमकं कळलं होतं, आणि म्हणूनच राग आला होता. अप्पांना असं अर्धवट लटकवून ठेवणं मला पटत नाही, असं ती म्हणाली. लटकलं होतं कोण, हे दोघींनाही दिसत होतं.

काम तसं छोटं होतं, पण त्यात पाय घसरायला जागा फार होत्या. डब्याला वीज मिळताच ‘अंगण’ आपोआप सुरू व्हावं अशी सोय उत्तरानेच कधीतरी करून ठेवली होती. म्हणून डॉक्टरांनी डबा उघडला, आतली साठवणपेटी अलगद सोडवली आणि स्वतःच्या लॅपटॉपला जोडली. दोन फोल्डर समोर आले, एक आठवणींचा आणि एक सेटिंगचा, दोन्हींची नावं नुसते आकडे आणि अक्षरं. चुकीचा उडाला असता तर अप्पाच गेले असते. डॉक्टरांनी दोन्ही तीनतीनदा तपासले.

फाइल उडाली. काही आवाज झाला नाही.

“नेट बंद आहे ना घरातलं?” पेटी परत बसवता बसवता डॉक्टरांनी विचारलं. कंपनीकडे प्रत्येक फाइलची एक प्रत असे. नेट मिळालं की खेळ सुरू होण्याआधी ती प्रत मुकाट्याने परत जागेवर येऊन बसली असती, शेवटपर्यंत सरकवलेल्या काट्यासकट. उत्तराने हो म्हटलं. कपाट उघडून वायर काढली, भिंतीपाशी नेली, आणि तिथेच गारठली. मागच्या महिन्यात नेट गेलं होतं तेव्हा तिने डबा शेजारच्या कोरेंच्या नेटला जोडला होता. डबा ते विसरला नसणार.

ती अनवाणीच कोरेंकडे धावली. कोरेकाकू पापड लाटत होत्या. काय झालं विचारायच्या आत उत्तराने त्यांच्या भिंतीवरचं बटण बंद केलं होतं.

परत आल्यावर पट्टा डॉक्टरांनीच बांधला. आत फार असह्य झालं तर पट्ट्याचा खटका ओढा, खेळ तुटेल, असं त्यांनी सांगितलं. निरोप घेतला नाही तर ती भेट त्यांच्या आठवणीत साठवली जाणार नाही. म्हणजे झालेला त्रासही त्यांना आठवणार नाही. तेवढीच त्यात दया आहे, असंही त्या म्हणाल्या.

अप्पा ओसरीवर होते. आरामखुर्चीचे दोन्ही हात घट्ट धरून, मान मागे टाकून. चेहरा पांढराफटक, ओठ दाताखाली. दोन वर्षांत तिने हा चेहरा पाहिला नव्हता. वेळेचा काटा जागेवर होता, म्हणजे ते आताच उठले होते, एवढाच काय तो दिलासा होता.

“अप्पा, मी आले. एक सेटिंग लावायची आहे. फक्त हो म्हणा, लगेच थांबेल.”

त्यांनी डोळे उघडले. तिच्याकडे पाहिलं, मग बागेकडे, मग स्वतःच्या हातांकडे. साक्षीदाराला न्याहाळावं तसं.

“मी गेलो ना गं, उत्तरा?”

ती खोटं बोलू शकली नाही. सगळं सांगितलं: ठसा, सौम्यता, कालची चूक. ते मध्येमध्ये कण्हत होते, पण एकही शब्द निसटू देत नव्हते. शेवटी म्हणाले, “म्हणजे दोन वर्षं मी इथं हसत बसलो होतो, आणि मला ठाऊकच नव्हतं.”

“तुम्ही सुखात होता.”

“असेन. पण आता कळलंय ना, मग ते पुन्हा विसरायला हो म्हणू कसं? नको, बाळ. बंद कर. आणि यापुढं सुरू करू नकोस.”

तिने विनवलं, रडली. ते नाही म्हणाले, प्रेमाने आणि ठामपणे, आयुष्यभर म्हणत आले तसं. पाचचा चहा, रिकामं घर, सगळं तिने त्यांच्यासमोर ठेवलं. ते म्हणाले, सवय होते. मग त्यांनी निरोपासाठी हात पुढे केला.

उत्तराने तो हात धरला नाही. तिने पट्ट्याचा खटका ओढला.

तिचा चेहरा पाहून डॉक्टर उठून उभ्या राहिल्या. हो म्हणाले का, असं त्यांनी विचारलं. नीट सांगता आलं नाही, पुन्हा जाते, असं उत्तरा म्हणाली. डॉक्टरांनी तिच्या चेहऱ्यावरून डब्याकडे आणि डब्यावरून परत चेहऱ्याकडे पाहिलं, आणि त्यांना सगळं कळलं.

“ताई, ते नाही म्हणालेत.”

“कायद्यात संमती पाहिजे एवढंच आहे ना? एकदाच विचारायचं असं लिहिलंय कुठं?”

तसं लिहिलेलं नव्हतं. कायदा करणारे जिवंत माणसांना डोळ्यापुढे ठेवून कायदा करत होते, आणि जिवंत माणसाला आपण कालच नाही म्हटलं होतं हे आठवतं. डॉक्टरांनी लॅपटॉप पिशवीत घातला. निघताना दारात थांबून, असं करणाऱ्या तुम्ही पहिल्या नाही, एवढं म्हणाल्या. त्यात क्षमा होती की आरोप, हे उत्तराला कळलं नाही, आणि विचार करायला तिला सवड नव्हती.

दुसऱ्या खेपेला तिने चूक सांगितलीच नाही. अप्पांनी दोन प्रश्नांत ती काढून घेतली आणि नाही म्हणाले. पुढच्या खेपेला ती रडली नाही. तर त्यांनी विचारलं, तुला रडू कसं येत नाही? प्रत्येक वेळी ते नव्याने कळवळत उठत, नव्याने हात पाहत, नव्याने विचारत, आणि ती खटका ओढून बाहेर आली की त्यांच्यापाशी त्यातलं काही उरत नसे. सगळं तिच्यापाशी उरे. कुठल्या शब्दाला ते अडतात, कुठे मऊ होतात, कुठला प्रश्न कुठल्या उत्तरानंतर येतो, ते तिला पाठ होत गेलं. ज्या उलटतपासणीपुढे भलेभले कोलमडत, तिच्यासमोर ती आता न अडखळता उभी राहू लागली होती.

बाहेर ऊन कलायला लागलं तेव्हा ती पुन्हा एकदा ओसरीवर त्यांच्यासमोर बसली. यावेळी सगळं बरोबर जमलं होतं. आवाज हवा तेवढाच ओला होता. अप्पांनी कळ गिळत तिचं ऐकून घेतलं. त्यांच्या कपाळावर घाम साचला होता.

“माझ्या मनात नाही,” ते म्हणाले. “पण तू विचारते आहेस. तू कधी माझ्याशी खोटं बोलली नाहीस, म्हणून एकच विचारतो. हे तू मला पहिल्यांदाच विचारते आहेस ना?”

उत्तराने त्यांच्या नजरेला नजर दिली.

“हो, अप्पा. पहिल्यांदाच.”

“मग लाव,” ते म्हणाले, आणि बघता बघता त्यांच्या चेहऱ्यावरची कळ पुसली गेली. त्यांनी इकडेतिकडे पाहिलं, हसले, आणि चहा टाकतेस ना म्हणून विचारलं.