काजळमान्याच्या तीन हाका

काजळमान्याला परत आणल्याला २०६९ साली सहा वर्षं झाली होती. चिमणीएवढा, मानेभोवती काळा पट्टा असलेला हा पक्षी सह्याद्रीच्या सदाहरित रानातून नाहीसा झाला, तेव्हा कुणाला पत्ताही नव्हता. मोर नाही, धनेश नाही, कोण विचारतो. परत आला तेव्हा मात्र मंत्री सत्काराला आले.

गोठवलेल्या पेशींपासून अंडी, अंड्यांतून पिल्लं, इथवर सगळं जमलं, आणि मग पिल्लं मुकी निघाली. गाणाऱ्या पक्ष्याला गाणं जन्मतः येत नाही, तो ते मोठ्यांचं ऐकून शिकतो. पेशीतून चोच येते, पंख येतात, गाणं येत नाही. डॉ. हेरंब आपटे या ऐकून मिळणाऱ्या ठेव्याला 'स्वरवारसा' म्हणत. वारसा द्यायला बापच शिल्लक नव्हता, म्हणून त्यांनी पिंजऱ्यांत छोटे स्पीकर बसवले, त्यांना 'स्वरगुरू' असं भारदस्त नाव दिलं आणि काजळमान्याची जगातली एकमेव ध्वनिफीत दिवसभर वाजवली. पिल्लं शिकली.

ती फीत आपट्यांनीच २०३१ साली आडवणच्या रानात घेतली होती. शेवटाला वर चढणारी लांब शिटी, तीन वेळा. तीनच वेळा का, यावर त्यांचा सिद्धांत होता: पहिली हाक हद्द सांगते, दुसरी ओळख देते, तिसरी बोलावते. हे आता शाळेच्या पुस्तकात आहे.

आज ते पुन्हा आडवणला आले होते. महिन्यापूर्वी तिथल्या दरीत, कॅमेऱ्यात, काजळमान्याची रानातच वाढलेली एक मादी दिसली होती. या जातीत मादीही गाते, पण दरीत लावलेल्या ध्वनियंत्रांत तिची तिहेरी हाक एकदाही सापडली नव्हती. पिंजऱ्यातले सगळे पक्षी एकमेकांची सख्खी भावंडं. नवं रक्त मिळालं नाही, तर चार पिढ्यांत वंश खुंटणार होता. म्हणून तीन नर दरीच्या काठावर आणले होते. ते गातील, ती ओ देईल, असा बेत होता.

पिंजऱ्याचं दार उघडायचा मान आपट्यांनी पूर्वा गवसला दिला होता. ती म्हापशाला नर्स होती, आणि २०३१ साली त्यांना रान दाखवणाऱ्या गोपाळ गवसांची मुलगी. गोपाळ वारले त्याला नऊ वर्षं झाली होती. आपट्यांच्या निबंधात त्यांचं नाव तळटीपेत होतं, तेही चुकीचं छापलेलं.

पूर्वाने दार उघडलं. नर फांदीवर बसले आणि एकाने सुरुवात केली. एक शिटी. दुसरी. तिसरी.

"इलंय," हाकेला 'आले' म्हणून ओ द्यावी तसं पूर्वा म्हणाली, आणि स्वतःच दचकली.

"काय म्हणालीस?"

"तोंडातसून गेला, सर. ह्यो बाबांचो कुकारो. माका जेवक शिटी वाजवून हाक मारीत ना, तसोच. ह्या पाखराक कसो येता?"

आपटे फांदीकडून तिच्याकडे वळले. "तीनदाच का मारायचे?"

"रानात एका हाकेक ओ देवची नाय. भूत एकदाच हाक मारता. माणूस आसलो तर परत मारता. तिसरे हाकेकच ओ देवची."

सिद्धांत संपायला एवढाच वेळ लागला. पण आपट्यांना लाज वाटली ती सिद्धांताची नव्हे. त्यांना त्या फितीचा शेवट आठवत होता. तिसऱ्या शिटीनंतर लांबून एका लहान मुलीचा आवाज आला होता. 'इलंय.' तेवढा तुकडा त्यांनी स्वतः कापला होता.

"पूर्वा, तुझा आवाज होता त्या फितीत. मी काढून टाकला."

"म्हंजे तुमका कळला होता."

"संशय आला होता. अकरा दिवस काही मिळालं नव्हतं आणि बाराव्या दिवशी परत जायचं होतं. मुलगी दुसऱ्या कुणाला तरी ओ देत असेल, अशी मी समजूत करून घेतली."

"बाबांका इचारलात नाय?"

"नाही."

"इचारला असतात तर त्यांनी सांगला असता. खऱ्या पाखराचो आवाज ते हुबेहूब काढीत." तिने फांदीकडे पाहिलं. "मग खरो आवाज कसो?"

"मला माहीत नाही," आपटे म्हणाले. मान वर करून बोलणं त्यांना जमलं नाही.

तेवढ्यात दरीतून एक आवाज आला. बाटलीच्या तोंडावर फुंकर घालावी तसा, खालचा, घुमणारा. एकदाच.

हा आवाज आपट्यांनी ऐकला होता. महिनाभरात, मादी दिसली त्याच जागेजवळच्या यंत्रांनी तो एकशे चाळीस वेळा पकडला होता, आणि हाक तिहेरी नाही म्हणून 'किरकोळ' या सदरात टाकला होता. यंत्राला तो नियम त्यांनीच घालून दिला होता. मग ते सदरही त्यांनीच पुसायला सांगितलं होतं.

फांदीवरचा एक नर पंख साफ करत होता, दुसरा मुंगी टिपत होता. एकानेही मान वळवली नाही. अशी हाक त्यांना कुणी शिकवलीच नव्हती.

"तीच आहे," आपटे म्हणाले. "पूर्वा, ती बोलावतेय."

पूर्वा एक पाऊल मागे सरली. "एकच हाक, सर," ती हळूच म्हणाली. लहानपणची सवय, तिचा तरी काय दोष.

नर पुन्हा गाऊ लागले. तीन शिट्या, थोडी शांतता, तीन शिट्या. गोपाळ गवस रानभर आपल्या मुलीला जेवायला बोलावत होते. दरीतून मात्र परत काही आलं नाही.

दुपारी आपट्यांनी नोंदीचा कागद काढला. 'मादीचा प्रतिसाद' असा रकाना होता, आणि त्यात 'नाही' लिहिलं असतं तर कुणीच काही विचारलं नसतं. त्यांनी रकान्याचं नाव खोडलं आणि खाली लिहिलं, 'मादीने एकशे एक्केचाळीस वेळा हाक मारली. आम्ही ओ दिली नाही.'