न बोलता पुरलेला भाऊ

खिडकी ओढून घे आधी, प्रुडन्स. ज्याचं डोकं उडवलं त्या राजाचा मुलगा गादीवर बसल्यापासून आम्हा जुन्या पार्लमेंटवाल्यांच्या गोष्टी हळू आवाजातच बऱ्या. आणि कुणाला हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या, मधे हसलेलं मला चालणार नाही.

आपल्याच गावात जाबेझ हॉलिस म्हणून विणकर होता. माझ्याच पलटणीत भाला धरून राजाविरुद्ध लढलेला. माणूस सरळ, पण हट्टी. एकदा नाही म्हणाला की नाहीच. त्याचा धाकटा भाऊ अ‍ॅम्ब्रोज. तो लढाईला आला तो केवळ दादा गेला म्हणून. पार्लमेंट काय नि राजा काय, बिअर मिळाली की त्याचं झालं. सोळाशे पंचेचाळीस सालच्या ऑक्टोबरात त्याच्या बरगडीत गोळी बसली. घरी आणला, तर अंथरुणातही चेष्टा सुरूच. "दादा, राजाचं माझ्यावर प्रेम बघ किती. एवढ्या गर्दीत नेमकी मलाच भेट पाठवली." चौथ्या दिवशी गेला बिचारा.

आता त्याच वर्षी पार्लमेंटचा नवा नियम आलेला. मयताला मुकाट्यानं न्यायचं, मुकाट्यानं पुरायचं. घंटा नाही, प्रार्थना नाही. जुनी प्रार्थनेची पुस्तकं जप्त. दुसऱ्या गावांत लोक डोळेझाक करायचे. आपल्याकडे जाबेझ होता. घराघरांतून पुस्तकं गोळा करून त्यानंच जाळलेली. खड्ड्याशी त्याच्या आईनं त्याचा हात धरला. "दोन शब्द तरी म्हण रे. पाठचा भाऊ आहे तुझा."

"मेलेल्याला त्याचा काही उपयोग नाही, आई. याच थोतांडाविरुद्ध तर लढतोय आम्ही."

माती पडली. म्हातारी घरी आली, आणि त्या दिवसापासून जाबेझशी एक अक्षर बोलली नाही. जेवण पुढ्यात ठेवायची आणि तोंड फिरवायची. तीन महिने असं चाललं. तो मला म्हणायचा, "शिव्या दे म्हणावं तिला, मार म्हणावं, पण बोल म्हणावं." मागावर बसून रडायचा तो. मी पाहिलंय.

जानेवारीची सतरा तारीख. कापडाचं ठाण शेजारगावच्या व्यापाऱ्याकडे पोचवून जाबेझ एकटाच परत निघाला. संध्याकाळी बर्फ पडून थांबलेलं, आभाळ निवळलेलं. रात्री नऊचे ठोके पडले तेव्हा तो दफनभूमीच्या कुंपणाशी आला होता.

मागून कुणीतरी म्हणालं, "दादा."

जाबेझ थांबला नाही. आम्हाला शिकवलं होतं, मेलेले परत येत नाहीत. येतो तो सैतान, ओळखीचा आवाज घेऊन. त्यानं पावलं भराभर उचलली.

"दादा, थांब ना जरा..."

"चालता हो. माझा भाऊ देवाच्या हातात आहे."

तो चालतच राहिला.

"मला वाटलं, कुणीतरी काहीतरी म्हणेल..." आवाज अगदी बारीक झाला होता. "सगळे होते. आई होती. तू होतास. मी वाट बघत होतो, दादा... अजून बघतोय."

जाबेझ वळला नाही. वळवेना. सैतान लालूच दाखवेल, धाक घालेल. तो कशाला प्रार्थना मागेल?

कशाला मागेल...

तो भर रस्त्यात गुडघ्यांवर बसला. आईनं लहानपणी पाठ करून घेतलेले शब्द. त्यानंच जाळलेले. एकही विसरला नव्हता. रडत रडत, अडखळत, शेवटपर्यंत म्हणाला. थांबला. कान दिला.

काही नाही...

घरी येऊन तो आईच्या पायाशी बसला आणि सगळं सांगितलं. म्हातारीनं ऐकून घेतलं. मग त्याच्या डोक्यावर हात ठेवला.

"कुठे?" तिनं विचारलं. तीन महिन्यांतला पहिला शब्द.

उजाडताच ती त्याला घेऊन निघाली. वाटेत मी भेटलो, मीही गेलो. त्या रस्त्यानं रात्रीतून दुसरं कुणीच गेलेलं नव्हतं. कुंपणाशी आलेली पावलं दिसत होती, तिथून घराकडे गेलेली पावलं दिसत होती. दोन्ही जाबेझची, त्याच्याच बुटांची. मधे तो बसला होता तिथं बर्फात गुडघ्यांचे दोन खळगे होते. आणि त्यांना लागून, खांद्याला खांदा भिडेल इतके जवळ, आणखी दोन.

म्हातारी खाली बसली, त्या दुसऱ्या खळग्यांशेजारी. ऊन वर येईपर्यंत आम्ही तिला उठवलं नाही.