पट्टी मधोमध कोणी धरली

मी कॉलेजात रसायनशास्त्र शिकवते. न मोजलेलं लिहायची मला सवय नाही. हे सगळं मी मोजलं आहे.

रविवार, १७ ऑगस्ट २०२५. दुपारचे सव्वातीन. कर्वेनगरमधला आमचा फ्लॅट. खिडक्यांना काळा कागद.

माझा धाकटा भाऊ आमोद कॅमेऱ्याशिवाय लघुपट करतो. शंभर वर्षांपूर्वी परदेशात काही जणांनी असे प्रयोग केले, त्यांना ही त्याची मानवंदना. पूर्ण अंधारात कोरी फिल्म टेबलावर पसरायची. वर वस्तू ठेवायच्या. क्षणभर दिवा लावायचा. फिल्म धुतली की वस्तूंच्या पांढऱ्या सावल्या उमटतात.

“कॅमेरा बिघडलाय म्हणून सांग की सरळ,” आई म्हणायची. पण मदतीला यायची. फिल्मची पट्टी सारखी गुंडाळू बघते. टोकं आम्ही दोघं धरायचो, मध्ये आई.

आई जूनमध्ये गेली.

मला रडू आलं नाही. अजून आलेलं नाही.

त्या दुपारी आमोदला तिच्या वस्तूंची फिल्म करायची होती. केसांच्या पिना, चष्मा. अंधारात पट्टीचा मधला भाग वर उचलला जात होता. पिना घसरत होत्या.

“आई, मध्ये धर ना गं,” आमोद सवयीने म्हणाला.



आणि पट्टी... सपाट झाली.

“ताई, तू धरलीस?”

“माझे दोन्ही हात टोकावर आहेत.”

“माझेपण.”

त्याने पायाने दिव्याचं बटण दाबलं. उजेडात टेबलाशी आम्ही दोघंच होतो.

मी फिल्म धुतली. पिना उमटल्या होत्या. चष्मा होता. मधोमध...

चार बोटांची टोकं.

कोणाची, ते मोजता येत नाही. आमोद खूप रडला. मी मोजपट्टी लावली. टोकाशी उमटलेल्या माझ्या बोटांपासून बेचाळीस सेंटिमीटर.

तेव्हापासून दर रविवारी तो नवी पट्टी पसरतो. बोटं दर वेळी उमटतात. अंतर बदलतं. चाळीस. तेहेतीस. एकोणीस.

ती माझ्या बाजूला सरकत आहेत.

“लाडकी तूच होतीस,” आमोद म्हणाला.

गेल्या रविवारी अंतर होतं... तीन मिलिमीटर.

अंधारात मला स्पर्श, गारवा, काहीच जाणवलं नव्हतं.

उद्या रविवार. “नको असेल तर राहू दे, ताई,” आमोद आज म्हणाला.

मी म्हटलं, धरते.

या वेळी टोक तीन मिलिमीटर आत धरणार आहे.