पुलाखाली अडलेलं वऱ्हाड

या, असे जवळ सरकून बसा. टाळ जरा खाली ठेवा. आज दूर दक्षिणेकडचं एक पाण्यातलं लग्न सांगतो, आणि त्या लग्नाला माणसं वाहून आणणाऱ्या एका भल्या जिवाची कथा सांगतो. ज्या सावळ्याने अर्जुनाचे घोडे हाकले आणि त्यात कधी कमीपणा मानला नाही, त्याचं नाव घ्या, म्हणजे माझीही जीभ सरळ चालेल.

"राजा, हे नाव का खोडलंस?"

ओसरीवर वासुदेवन उभा होता, ओला पंचा खांद्यावर, अनवाणी. समोर धाकटा भाऊ राजेंद्रन पाहुण्यांची यादी घेऊन बसला होता. तिकडे थोरल्या भावाला चेट्टा म्हणतात आणि थोरल्या बहिणीला चेच्ची. राजेंद्रन शहरातल्या शाळेत हेडमास्तर. पण त्याच्या मुलीचा, विनीताचा, एकच हट्ट होता, की लग्न आपल्या बेटावरच्या कृष्णाच्या देवळातच लागेल.

"कार्त्यायनीचेच्चीचं नाव? चेट्टा, तिला एकटीला बोलावता येत नाही. ती आली की कालव्याचा अख्खा काठ येतो. तीनशे पानांचं जेवण सांगितलंय, त्यावर मला झेपत नाही. शिवाय मुलाकडचे शहरातले लोक... गुडघाभर चिखलात कापणी करणाऱ्या बायका पंगतीत पाहून ते काय म्हणतील?"

त्याच चिखलातून मी तुला शाळेत पाठवलं रे!... हे शब्द वासुदेवनच्या ओठांपर्यंत आले आणि तिथेच विरले. बाप गेला तेव्हा तो पंधरा वर्षांचा होता. त्या दिवशी त्याने पाटी ठेवली आणि होडीचा बांबू उचलला, तो आजतागायत खाली ठेवला नव्हता. लग्नही केलं नाही. धाकटा मोठा झाला, पांढऱ्याशुभ्र कपड्यांत वावरू लागला, हेच त्याचं संसारसुख!

"बरं," एवढंच तो म्हणाला. "पाहुण्यांना आणायचं माझ्यावर सोड."

कारण बेटाला रस्ता नाही. धक्क्यापासून कालव्याने यायचं, मग छोट्या पुलाखालून मोकळ्या कायलात, म्हणजे खाडीच्या पसरट सरोवरात, निघायचं आणि विस्तीर्ण पाणी ओलांडून देवळाच्या पायऱ्यांना लागायचं. पर्यटकांच्या मोटारबोटींचं भाडं ऐकूनच राजेंद्रन घामाघूम झाला होता. वासुदेवनने मात्र मनाशी ठरवलं होतं. कापणी संपली होती, भात वाहणाऱ्या होड्या काठाला रिकाम्या डुलत होत्या. घासूनपुसून धुतल्या, आत चटया अंथरल्या की झालं! दोन होड्या नातलगांना, आणि सगळ्यांत मोठी नवरदेवाच्या वऱ्हाडाला.

ती मोठी होडी कार्त्यायनीचेच्चीची होती.

"भाडं?" चेच्ची कडाडली. सत्तरीकडे झुकलेली बाई, पण आवाज अजून शेताच्या या टोकाहून त्या टोकाला जाणारा. "लग्नाला होडी देऊन भाडं घेऊ? वासू, पाण्यात राहून डोकं भिजलं का तुझं? ने खुशाल! आणि काय रे, बोलावणं कधी येतंय? सोनेरी काठाचं मुंडू खळ देऊन वाळत घातलंय मी."

आजूबाजूच्या चार बायका हसल्या. वासुदेवनला मात्र धरणीने पोटात घ्यावं असं झालं. खरं सांगितलं तर धाकट्याची मान खाली जाणार... उद्या याच काठावरून त्याला चालायचं आहे!

"चेच्ची... यादी मी केली. तुमच्या काठाची नावं माझ्याच हातून राहिली. आता आचाऱ्याला आकडा सांगून झालाय."

"राहिली?"

"विसरलो."

चेच्चीने हातातला कोयता शांतपणे जमिनीवर ठेवला.

"तुझी आई गेली त्या वर्षी तुम्ही दोघं भाऊ माझ्या चुलीवरची कांजी पीत होता. ते विसरलास होय! बरं झालं, कळलं." मग वळता वळता म्हणाली, "होडी ने. होडीने काही तुझं वाईट केलं नाही."

लग्नाचा दिवस उजाडला. पहिल्या दोन होड्या सकाळीच सुखरूप पोचल्या. नवरदेवाचं वऱ्हाड मात्र शहरातूनच उशिरा निघालं. धक्क्यावर येईतो दहा वाजले आणि भरतीचं पाणी कालव्यात चढत चाललं. मुहूर्त अकरा वीसचा! साठ माणसं दाटीवाटीने बसली, वासुदेवन आणि त्याच्या जोडीदाराने बांबू रोवले, होडी निघाली... आणि पुलापाशी येऊन उंच नाळ, होडीचं पुढचं वर वळलेलं टोक, खट्कन पुलाच्या तुळईला आपटली.

वासुदेवन पाहतच राहिला. चाळीस वर्षं तो भरतीत याच पुलाखालून जात होता! पण ते भाताने काठोकाठ भरलेल्या होडीतून. रिकामी होडी तर तो ओहोटी बघूनच परत आणायचा. आज होडी डोळ्यांना भरलेली दिसत होती. पाण्याला मात्र ती हलकीच होती. भातापुढे साठ माणसांचं वजन ते काय! चार बोटं... फक्त चार बोटं नाळ उंच राहत होती.

"नवरदेवाला पुलावरून खाली सोडू या का?" मागून कुणीतरी म्हणालं. हशा पिकला, पण नवरदेवाच्या मामांनी, श्रीधर पणिक्करांनी, घड्याळ पाहिलं तसा तो विरला.

"वासुदेवन, ओहोटी कधी?"

"दुपारी, साहेब."

सगळे पुढे सरकून बसले, तरी दोन बोटं उरलीच. आणि पुलाजवळच्या काठावर, आपापल्या दारात, न बोलावलेला सगळा काठ उभा राहून पाहत होता! वासुदेवनचं अंतःकरण व्याकुळ झालं. कोणत्या तोंडाने हाक मारायची?... पण विनीता तिकडे देवळात वाट पाहत होती. तो छातीभर पाण्यात उतरला, काठाशी गेला आणि त्याने हात जोडले.

"चेच्ची, होडीला वजन कमी पडतंय. तुम्ही सगळे नाळेत येऊन बसाल?"

"माझ्याच होडीत मला पोतं म्हणून बसवतोस?"

"हो, चेच्ची." त्याचे डोळे भरले. "दुसरं कुणाला सांगू?"

चेच्चीने मागे वळून जी आरोळी ठोकली, तिने पुलावरचे बगळे उडाले. "अगं सारदे, लीले, चला गं! जाडजूड आहेत त्यांनी आधी! आजवर टोमणे खाल्ले, आज अंगाचं सार्थक करा!"

तीस-बत्तीस बायामाणसं घरच्या कपड्यांत, कुणी ओल्या हाताने, हसत होडीत चढली. शहरच्या बायकांनी मांडीला मांडी लावून जागा केली. होडी खाली गेली, आणखी खाली... पाणी काठाला टेकलं, आणि सगळ्यांनी माना वाकवल्या तशी नाळ अलगद पुलाखालून पार झाली! वऱ्हाडाने एकच जयघोष केला. एका शहरी आजीने भीतीने चेच्चीचा हात धरला होता, तो कायल ओलांडेपर्यंत सोडला नाही.

देवळाच्या पायऱ्यांवर राजेंद्रन दिवा घेतलेल्या बायकांसह उभा होता. होडीतली माणसं पाहून त्याचा चेहरा उतरला. वासुदेवन घाईने पुढे झाला.

"राजा, ही माणसं वजनाला आणलीत. याच होडीने परत सोडतो. तू आत चल, मुहूर्त..."

तोच पणिक्कर उतरले. "मास्तर, होडीत कळलं, तुमचे हे थोरले भाऊ यांना बोलवायला विसरले म्हणे! विसरलेली माणसं हाकेसरशी येतात, असं गाव मी पाहिलं नव्हतं."

राजेंद्रनने वळून पाहिलं. थोरला भाऊ नखशिखांत निथळत होता, मान खाली. विसरला म्हणे!... हा विसरला? जो स्वतःला सोडून कधी कुणाला विसरला नाही, तो? राजेंद्रनच्या काळजात काहीतरी तुटलं. पाहुण्यांसमोर, नवरदेवासमोर, तो नव्या पांढऱ्या वस्त्रानिशी पायऱ्या उतरून पाण्यात शिरला.

"चेच्ची, ते विसरले नव्हते. नाव मी खोडलं. माझ्या हाताने खोडलं! चेट्टाने माझं पाप आपल्या डोक्यावर घेतलं..."

"ठाऊक होतं मला," चेच्ची म्हणाली. "याला खोटं बोलता येत नाही, कान लाल होतात. तू कधी बोलतोस तेवढं बघत होते."

"आत चला. सगळे."

"आणि पायसम? तीनशे पानांचंच आहे ना रे, मास्तर?"

"पातळ होईल, चेच्ची."

"होऊ दे. पातळ कांजी पाजून तुला मोठा केलाय आम्ही." आणि तिने त्याच्या हाताचा आधार घेऊन पायरीवर पाऊल ठेवलं.

लग्न मुहूर्तावर लागलं. घरच्या कपड्यांतली चेच्ची शहरच्या आजीशेजारी पंगतीत बसली. यजमानांपर्यंत येईतो पायसमचं पातेलं खरवडून झालं होतं. तिसऱ्या प्रहरी स्वयंपाकघरामागे दोघे भाऊ एकाच पानावर उरलासुरला भात आणि ताक कालवून जेवले. धाकट्याने आपल्या पंच्याने थोरल्याचं डोकं पुसलं.

वासुदेवन आता या जगात नाही. पण बाबांनो, मायांनो, एवढं मागणं ऐका. पुढच्या वेळी लग्नाला जाल, उतरून घाईघाईने मांडवाकडे निघाल, तेव्हा क्षणभर मागे वळून ज्याने तुम्हाला तिथवर आणलं त्याच्याकडे बघा, तो जेवला का ते विचारा. आणि त्या ओल्या अंगाच्या वासुदेवनला मनातल्या मनात एक नमस्कार घाला.