घरची हाक

नवरा परत आला तेव्हा ती गॅलरीत उशांचे अभ्रे पिळत होती. त्याच्याच किल्लीनं दार उघडलं, त्याच्याच बुटांचा आवाज झाला, आणि मग लग्नानंतर कधीही न घडलेली गोष्ट घडली. बूट भिंतीशी नीट जोडीनं ठेवले गेले.

नवरा लिफ्टचा मेकॅनिक. आपल्या काळातल्या लिफ्टा बंद पाडून कंपनीचं समाधान होईना, म्हणून ती आता शेजारच्या काळांतही माणसं धाडायची. शेजारचा काळ म्हणजे सगळं इथलंच, फक्त जरा चुकलेलं: तोच रस्ता, तीच इमारत, जिना मात्र दुसऱ्या अंगाला. तिथं माणूस घसरतो, आपण कुठले हेच विसरायला लागतो. म्हणून कमरेला पट्टा. कंपनी त्याला कालस्थैर्ययंत्र म्हणे. मेकॅनिक लोक खुंटा म्हणत. आपल्याला कशाला बांधलंय हे बांधलेल्यालाच जास्त कळतं. परत आल्यावर घरच्या माणसानं घरच्या नावानं हाक मारली की पट्टा सुटायचा आणि माणूस तिथं पक्का व्हायचा. एका खेपेला हाक एकच; दुसरी तोंडातच येत नसे. ती कुणाला मारली हे पट्टा बघत नसे. ते बघायचं काम घरच्यांचं.

या घरात ते काम सासूबाईंकडे होतं, आणि त्या ते मान वर न करता उरकत. आज त्या आतल्या खोलीत आडव्या झाल्या होत्या.

"दमलीस का गं?" त्यानं विचारलं.

तिच्या हातातला अभ्रा तसाच राहिला. दमण्याचा हक्क या घरात आजवर एकट्या त्याचा होता.

ती चष्म्याच्या दुकानात काचा घासायची. केसाएवढा फरक तिच्या नजरेतून सुटत नसे. तिनं त्याला आपादमस्तक पाहिलं. फरक सापडेना, आणि तेच तिला आवडलं नाही. तिचा नवरा सलग दोन दिवस स्वतःसारखा दिसत नसे.

"हाक मार ना. पट्टा काचतोय."

"हात ओले आहेत."

"हाकेला हात कधीपासून लागायला लागले?" तो म्हणाला. विनोद नवऱ्याचाच होता. हसू मात्र मागाहून आलं, कुणीतरी आठवण केल्यासारखं.

"जाताना आपलं भांडण झालं होतं," ती म्हणाली. "कशावरून?"

"चूक माझीच होती."

आता तिची खात्री पटली.

"माझा नवरा कुठाय?"

"हा काय, समोर." तो एक पाऊल पुढे आला. त्याला ग्रीसचा वास नव्हता, घामाचा नव्हता, कशाचाच नव्हता. "असं परक्यासारखं नको करूस. मार हाक."

"नाही मारणार."

"त्याला यायला वेळ आहे," तो म्हणाला. आवाजातली साय बाजूला झाली होती. "जिना शोधतोय तो. तेवढ्यात मारून टाक."

आतल्या खोलीचं दार करकरलं. सासूबाई चौकटीला धरून उभ्या राहिल्या.

"आई," तो लगेच वळला, "गुडघा कसा आहे आता?"

"आई, बोलू नका," ती म्हणाली. "हा तो नाही."

"कळतंय मला. त्याला मी जन्म दिलाय." सासूबाईंनी आज पहिल्यांदाच मान वर करून त्याच्याकडे बघितलं, चांगलं सावकाश, वरपासून खालपर्यंत. "पण यानं गुडघ्याचं विचारलं गं."

आणि त्यांनी हाक मारली.

पट्टा सुटला. त्यानं तो खुर्चीच्या पाठीवर टाकला, बसला, आणि घर नजरेनं मोजू लागला.

जिन्यावर पावलं वाजली. पायऱ्यांना शिव्या घालत येणारी. दारावर थाप पडली.

"उघड की. बहिरी झालीस का?"

ती धावली. खुर्चीतल्यानं तिला अडवलं नाही. "जा ना," एवढंच म्हणाला.

बाहेर तिचा नवरा उभा होता. दाढी वाढलेली, बोटं काळी, कमरेला पट्टा. त्याच्या कडा हलत होत्या, कच्च्या घासलेल्या काचेतून दिसावं तशा.

"बघत काय बसलीस? हाक मार."

तिनं तोंड उघडलं. नाव तिथं नव्हतं.

रोज शंभरदा ऐकलेलं नाव. तिनं सासूबाईंकडे पाहिलं. त्यांचेही ओठ नुसतेच हलत होते.

तिनं दारावरच्या पाटीवरचं नाव म्हटलं, सगळंच्या सगळं, आडनावासकट. पट्टा ढिम्म.

"अगं, चेष्टा पुरे," तो म्हणाला. मग तिचा चेहरा त्यानं वाचला. त्याच्या कपाळावरची आठी हळूहळू पुसली गेली. तिनं ती पुसली जाताना पाहिली.

"अहो, रागवा ना," ती म्हणाली. "काहीतरी बोला."

"असू दे," तो मऊ आवाजात म्हणाला. "तुमची काही चूक नाही, ताई."

तो पाठमोरा झाला तेव्हा जरा उंच वाटला.

समोरच्या बिऱ्हाडातला उंच माणूसही कंपनीतच होता. तो अजून परतला नव्हता. तिच्या नवऱ्यानं केसांवरून हात फिरवला, समोरची घंटा दाबली आणि वाट बघत उभा राहिला. दार उघडलं. आतल्या बाईनं काही विचारायच्या आधीच तिच्या मागून एका लहान मुलीनं आनंदानं हाक मारली, "बाबा."

पट्टा सुटल्याचा आवाज जिन्यापर्यंत स्वच्छ ऐकू आला.