जानकीचा दाखला

शिवदास साळवे मुलुंडला राहायला आले ते निवृत्तीनंतर, १९८३ साली. गोवंडीच्या पत्र्याच्या खोलीत वाढलेला हा माणूस परराष्ट्र खात्यात चढत चढत राजदूत झाला होता. आता आठवणी लिहायच्या म्हणून त्यांनी नलिनी राणेला टायपिंगला बोलावलं. ती दुपारी तीनला यायची. साहेब डोळे मिटून सांगायचे, ती टाइप करायची. खाली पाच रस्ता नाक्यावर उसाच्या चरकाची घुंगरं वाजत, आणि तिसऱ्या मजल्यावर राजवाडे, मेजवान्या, करारनामे उलगडत जात. नलिनीला कधी कधी वाटे, आपण झोपेतच टाइप करतोय.

चौऱ्याऐंशीच्या मे महिन्यात साहेब मुद्दाम मागे टाकलेल्या पहिल्या नेमणुकीवर आले. उत्तरेकडचं बर्फाळ बंदर, साल बावन्न.

"तिथल्या आपल्या कचेरीत एक बाई आली होती. जानकी. हर्णैची. गोऱ्या कुटुंबाबरोबर आया म्हणून गेली, आणि त्यांनी तिला तिथंच टाकलं. जवळ एक कागद नाही. मी म्हटलं, पुरावा आणा. चार दिवस बाहेरच्या बाकावर बसून होती."

"मग?"

"पाचव्या दिवशी बंदराच्या पाण्यात सापडली. मेलेली." त्यांनी डोळे उघडले. "हे मी कुठल्याच अहवालात लिहिलं नाही."

दुसऱ्या दिवसापासून खोलीत गारवा आला. आधी बरं वाटलं. मग पंखा बंद केला तरी टाइपरायटरच्या कळा बोटांना झोंबायला लागल्या. खिडकीबाहेर डांबर वितळत होतं आणि आत साहेबांच्या तोंडातून वाफ निघत होती.

शुक्रवारी साहेबांच्या पत्नी सुंदराबाई चहा घेऊन आल्या. दोन कप टेबलावर ठेवून तिसरा बाहेर नेऊ लागल्या.

"कोणाला, काकू?"

"बसलीये ना ती जिन्यापाशी. सोमवारपासून. ह्यांना भेटायचंय म्हणते. आत ये म्हटलं तर येत नाही."

नलिनी आत्ताच तो जिना चढून आली होती. तिनं दारातून डोकावून पाहिलं. कोणीच नव्हतं. फरशी मात्र ओली होती.

साहेबांनी ऐकलं होतं. ते सावकाश उठून उभे राहिले.

"नलिनीबाई, नवा कागद घ्या. प्रवासाचा तात्पुरता दाखला."

"साहेब, आता तुम्हाला तो अधिकार..."

"नाव जानकी. गाव हर्णै. लिहा."

"पत्ता कुठला घालू?"

"इथलाच."

त्यांनी सही केली. कागद घेऊन ते बाहेर गेले. नलिनी कान देऊन बसली. बोलणं ऐकू आलं नाही.

ते परतले तेव्हा हात रिकामे होते.

खोली पुन्हा तापू लागली.

साहेब खुर्चीत बसल्या बसल्या लहान मुलासारखे झोपले.

पंधरवड्यानं हर्णैहून एक कार्ड आलं. साहेबांनी ते वाचलं आणि नलिनीच्या हातात दिलं.

'साहेबांस नमस्कार. मी पाच वर्षांचा असताना परदेशी गेलेली आई काल घरी आली. ती माझ्यापेक्षा लहान दिसते. काही खात नाही. माझ्या धाकटीला मांडीवर घेऊन बसली आहे, सोडत नाही. तुमचा दाखला दाखवते. तिला परत कधी न्याल, ते कृपया कळवावे. दाखल्यावर मुदत लिहिलेली नाही.'